शेजाऱ्यांची नभोवाणी

घरांत यंत्र गाऊं लागलें म्हणजे माणसें गायचीं थांबतात, असें भय पुष्कळांना वाटतें, आणि तें अगदींच निराधार नाहीं. म्हणूनच अमेरिकेंतील एका लहानशा नभोवाणी-केंद्राची हकीकत श्रोत्यांना सांगावीशी वाटते.

उत्तर कॅरोलिना संस्थानांत ब्लू रिज डोंगरांच्या पायथ्याशीं माउंट एअरी म्हणून एक गांव आहे. ग्रॅनाइटच्या खाणीबद्दल तें प्रसिद्ध. आसपासच्या वस्त्यांतून फिडल, म्हणजे आपलें व्हायोलिनच, आणि पांच तारांचा बँजो यांचें वादन पिढ्यान्‌पिढ्या चालत आलेलें. फिडल ब्रिटिश बेटांतून आलेल्या वसाहतवाल्यांनीं आणलें; बँजोचें मूळ मात्र आफ्रिकेंतून गुलाम करून आणलेल्या लोकांच्या वाद्यांत आहे. गोऱ्यांचें म्हणून मिरविलेल्या या संगीतांत काळ्यांचा वाटा एवढा मोठा, हें फार दिवस कोणी बोलून दाखवीत नसे!

येथें २ फेब्रुवारी १९४८ रोजीं राल्फ एपरसन यांनीं डब्ल्यू-पी-ए-क्यू हें केंद्र सुरू केलें. नॅशव्हिलला एका विमा कंपनीच्या केंद्रावर १९२५ सालींच खेडवळ वादकांचा शनिवारचा कार्यक्रम निघाला होता. पण तो पुढें नामांकित धंदेवाईकांचा दरबार बनला. एपरसन यांनीं शेजाऱ्यांना दार उघडें ठेविलें. ‘मेरी-गो-राउंड’ या त्यांच्या शनिवारच्या कार्यक्रमांत गांवोगांवचे हौशी वादक मायक्रोफोनपुढें उभे राहत. काल बांधावर भेटलेला मनुष्य आज पेटींतून ऐकूं येई. पुष्कळसें वादन तबकड्यांवर नोंदूनही ठेविलें गेलें.

केंद्रानेंच हें संगीत जगविलें, असें मात्र मी म्हणणार नाहीं. शेजारच्या राउंड पीक भागांतला फिडलवादक टॉमी जॅरेल (१९०१–१९८५) सरकारी रस्तेखात्यांत यंत्र चालवून पोट भरी. निवृत्तीनंतर दूरदूरचीं तरुण मुलें त्याच्या घरीं मुक्काम करून शिकत. १९८२ सालीं त्याला राष्ट्रीय सन्मान मिळाला. गजाचें वळण शेवटीं समोर बसूनच उचलावें लागतें. पण आपलें वादन ऐकण्याजोगें आहे, हा विश्वास डोंगरांतल्या माणसाला केंद्रानें दिला.

कसोटी पुढें लागली. १९५० नंतर बहुतेक केंद्रें लोकप्रिय तबकड्यांची ठराविक यादी फिरवूं लागलीं. त्याला एक माणूस पुरतो, वादकमंडळींना जागा लागते, वेळ लागतो. १९९६ च्या कायद्यानें एका मालकाकडे देशभर किती केंद्रें असावींत ही मर्यादाच उठली, आणि कांहीं वर्षांतच एका कंपनीच्या हातीं हजाराहून अधिक केंद्रें गेलीं. माउंट एअरीचें केंद्र एपरसन कुटुंबाकडेच राहिलें. राल्फ एपरसन २००६ मध्यें वारले, कारभार मुलाकडे आला, आणि पुढच्या शनिवारींही फिडल जुळविलें गेलें.