शेत आपलं, दगड कुणाचा?

मंडळी, लासुर्ण्यात बसून जमिनीबद्दल बोलायचं म्हटलं की गोष्ट नीरा डाव्या कालव्यावर आणि उसावर येऊन थांबते. आज आम्ही एक थर खाली उतरणार आहोत: मुरूम आणि काळा दगड. समजा, सातबारा आपल्या नावावर आहे, माळ पडीक आहे, खाणपट्ट्यासाठी जिल्हाधिकाऱ्यांकडे अर्ज केला आणि तो नामंजूर झाला. अपिलाची पायरी करून माणूस अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालयात रिट घेऊन जातो. तो तिथे काय मागतो, आणि त्याला मिळतं काय?

थोडं मागे जाऊ. मराठेशाहीतल्या इनामाच्या सनदांत एक ठरीव शब्दमाळ येते: जल, तरू, तृण, काष्ठ, पाषाण, निधी, निक्षेप. देणारा नुसती जमीन देत नाही. झाड, गवत, दगड, पुरलेलं धन, सगळं नाव घेऊन देतो. आम्हाला त्यातला 'पाषाण' फार बोलका वाटतो. जे वेगळं लिहून द्यावं लागतं, ते जमिनीबरोबर आपोआप जातं असं गृहीत धरलेलं नसणार. इंग्रजांनी १८७९ च्या मुंबई जमीन महसूल कायद्यात, कलम ६९ मध्ये, बिनइनामी जमिनीतल्या खनिजांचा हक्क सरकारकडे राखला. कब्जेदाराचे आधीचे चालू हक्क तेवढे वगळले. १९६६ च्या महाराष्ट्र जमीन महसूल संहितेचं कलम ४८ तर शेत, बांध, नाला, नदीपात्र, जुन्या खाणी अशी यादीच देतं. शासनाच्या सनदेत स्पष्ट वेगळं लिहिलं नसेल, तर तिथलं खनिज राज्याचं. सर्वोच्च न्यायालयाने २०१३ मध्ये मलबारातल्या जन्मी जमिनींबाबत मालकाच्या बाजूने निकाल दिला, तो आपल्याकडे बरेच जण दाखवतात. पण खनिज सरकारकडे नेणारा कायदा तिथे नव्हता, आपल्याकडे आहे.

मग मालकी नाही, निदान परवाना मिळण्याचा हक्क तरी? इथे तामिळनाडूचा हिंद स्टोन खटला बघावा लागतो. डिसेंबर १९७७ मध्ये त्या राज्याने नियम केला की काळ्या ग्रॅनाइटचे पट्टे यापुढे खाजगी माणसाला द्यायचे नाहीत. कित्येकांचे अर्ज त्याआधीचे, कचेरीत पडून राहिलेले. मद्रास उच्च न्यायालयाने नियम रद्द केला. सर्वोच्च न्यायालयाने १९८१ मध्ये तो पुन्हा उभा केला. न्या. चिन्नप्पा रेड्डी यांचं म्हणणं थोडक्यात असं: अर्ज वेळेत निकाली काढायला हवा, हे खरं, पण नुसत्या अर्जाने हक्क तयार होत नाही. निकालाच्या दिवशी जो नियम, तोच लागू. आणि खनिज ही एका पिढीने संपवायची चीज नव्हे. आम्ही आयुष्यभर तत्त्वज्ञान शिकवलं, पण 'अपेक्षा' आणि 'अधिकार' यांतला फरक इतक्या रोखठोकपणे सांगणारी पानं फार वाचली नाहीत. दिरंगाई सरकारची आणि भुर्दंड अर्जदाराला, ही बोच मात्र उरतेच. ती आम्हाला आजही न्याय्य वाटत नाही.

म्हणजे हातात काहीच नाही का? आहे. कारण. योगायोग बघा, त्याच डिसेंबर १९७७ मध्ये मोहिंदर सिंग गिल हा निवडणुकीचा खटला निकाली निघाला. हुकूम त्यात लिहिलेल्या कारणांवरच टिकेल किंवा पडेल. मागाहून प्रतिज्ञापत्रात नवी कारणं जोडता येणार नाहीत, असं त्यात ठरलं. दगडाचा त्याच्याशी काही संबंध नव्हता, पण नामंजुरीच्या रिटांत वकिलाचा हात सगळ्यात आधी तिथेच जातो. 'अर्ज फेटाळण्यात येत आहे' एवढंच लिहिलं असेल तर हुकूम पडतो. पण न्यायालय सहसा स्वतः पट्टा देत नाही, प्रकरण फेरविचारासाठी परत पाठवतं. सुरुंगाने ज्याच्या विहिरीचं पाणी जाईल, धुळीने ज्याचं डाळिंब पांढरं पडेल, त्या शेजाऱ्याची हरकतही मग नीट लिहिली जाते. लिहायलाच हवी! ती हरकत हेच नामंजुरीचं सगळ्यात भक्कम कारण असू शकतं.

आणि परत आलेल्या फाईलला हिंद स्टोन पुन्हा गाठतो. २७ फेब्रुवारी २०१२ ला दीपक कुमार खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने पाच हेक्टरांहून लहान पट्ट्यांनाही पर्यावरण मंजुरी लागेल असं सांगितलं. राज्याचे १९५५ चे गौण खनिज नियम जाऊन २०१३ चे आले. त्याआधी अर्ज केलेला आणि त्यानंतर फेरविचाराला आलेला माणूस हुकूम रद्द करून घेऊन आला, तरी पर्यावरण मंजुरीच्या रांगेत तो नव्याने उभा राहिला.