कुत्रीचे ऋतुचक्र : प्रजननापूर्वी हे जाणून घ्या

प्रतिनिधी

घरच्या जातिवंत कुत्रीला एकदा तरी पिल्ले व्हावीत, अशी अनेक श्वानप्रेमींची इच्छा असते. परंतु तिच्या शरीराचे वेळापत्रक ठाऊक नसल्याने कधी नको असताना गर्भ राहतो, तर कधी मुहूर्त चुकतो. कुत्रीचे आरोग्यही पणाला लागते.

चार अवस्था

लहान चणीच्या जातींची मादी साधारणतः ६ ते १२ महिन्यांत प्रथम माजावर येते. मोठ्या जातींत दीड-दोन वर्षेही लागतात. त्यानंतर सुमारे सहा-सात महिन्यांनी माज येतो. बासेंजी ही आफ्रिकी जात मात्र वर्षातून एकदाच माजावर येते.

पूर्वमाजाच्या अवस्थेत योनिमुख सुजते व रक्तस्राव होतो. नर आकर्षित होतात. पण मादी त्यांना जवळ येऊ देत नाही. हा काळ सरासरी नऊ दिवसांचा असतो. पुढील सुमारे नऊ दिवस खऱ्या माजाचे. स्राव फिकट होतो, मादी शेपूट बाजूला करून नराला स्वीकारते. त्यानंतर सुमारे दोन महिने उत्तरमाज व मग काही महिन्यांची विश्रांती असते.

स्राव ओसरला म्हणजे धोका टळला, हा समज घातक आहे. गर्भधारणेचा काळ नेमका तेव्हाच असतो. बाहेर पडलेले स्त्रीबीज पक्व होण्यास आणखी दोन-तीन दिवस लागतात, तर नराचे शुक्राणू गर्भाशयात आठवडाभर टिकू शकतात. त्यामुळे एकाच वेतातील पिल्लांचे पिते भिन्नही असू शकतात. योग्य दिवस ठरविण्यासाठी रक्तातील प्रोजेस्टेरॉनची तपासणी सर्वांत भरवशाची ठरते.

त्रेसष्ट दिवस

स्त्रीबीज बाहेर पडल्यापासून सुमारे ६३ दिवसांनी कुत्री विते. २५ दिवसांनंतर सोनोग्राफीत गर्भ दिसतो. पिल्लांची संख्या मात्र अखेरच्या आठवड्यातील एक्स-रेमध्ये अधिक अचूक कळते. विण्यापूर्वी सुमारे १२ ते २४ तास शरीराचे तापमान साधारण एक अंश सेल्सिअसने उतरते. गर्भारपणात सल्ल्याविना कॅल्शियम देऊ नये. त्यामुळे व्याल्यावर रक्तातील कॅल्शियम घसरून झटके येण्याचा धोका उलट वाढतो.

गर्भाशयातील पू

माजानंतरच्या काही आठवड्यांत प्रौढ मादीला अतितहान, मरगळ, उलट्या अशी लक्षणे दिसल्यास गर्भाशयात पू झाल्याची शंका घ्यावी. ‘पायोमेट्रा’ नावाचा हा विकार प्राणघातक आहे. स्राव बाहेर दिसला नाही, तरी गर्भाशयमुख बंद असल्याने पू आत साचलेला असू शकतो. तातडीची शस्त्रक्रिया हाच बहुधा उपाय. ‘एकदा पिल्ले झाली की कुत्री निरोगी राहते’ या समजुतीला शास्त्रीय आधार नाही. निर्बीजीकरणाने मात्र हा धोका जवळजवळ संपतो.

कायदा काय सांगतो?

केंद्र सरकारच्या २०१७ च्या श्वान प्रजनन व विक्री नियमांनुसार व्यावसायिकाला राज्य प्राणी कल्याण मंडळाकडे नोंदणी बंधनकारक आहे. १८ महिन्यांखालील मादीचा प्रजननासाठी वापर करता येत नाही, तसेच आठ आठवड्यांहून लहान पिल्लू विकता येत नाही. पिल्लू घेणाऱ्याने नोंदणी प्रमाणपत्र मागावे आणि पिल्लाची आई प्रत्यक्ष पाहावी. तिची प्रकृती हीच व्यवसायाच्या सचोटीची साक्ष असते.