भाडे घेणाऱ्याचे कर्तव्य

काशीदच्या किनाऱ्यावर सुरूच्या सावलीत माझी शहाळ्यांची टपरी आहे. सार्वजनिक जागेतल्या विक्रेत्यांचा इतिहास मी आवडीने वाचते, कारण तो आमचा आहे.

मुंबईत 1869 साली क्रॉफर्ड मार्केट उभे राहिले. पुण्यात मंडईचा प्रस्ताव आला तेव्हा नगरपालिकेचे सदस्य असलेल्या जोतीराव फुल्यांनी त्या खर्चाला विरोध केला. पैसा आधी शिक्षणाला हवा, असे त्यांचे म्हणणे. तरी 1886 मध्ये रे मार्केट सुरू झाले. पुढे त्याच मंडईला फुल्यांचे नाव मिळाले. लोकांच्या पैशाचा हिशेब विचारणाऱ्याचे नाव बाजाराला लाभले, हे मला फार मोलाचे वाटते.

2014 च्या पथविक्रेता कायद्याने नगर विक्रेता समितीत किमान 40 टक्के जागा विक्रेत्यांना दिल्या आणि हटवण्यापूर्वी 30 दिवसांची नोटीस बंधनकारक केली. पण तो कायदा शहरांचा. आमचे गाव ग्रामपंचायतीचे. 1958 च्या ग्रामपंचायत अधिनियमात बाजार, पाणी, दिवाबत्ती, स्वच्छता ही कामे पंचायतीकडे सोपवली आहेत.

3 जून 2020 ला निसर्ग चक्रीवादळ आले, 2021 च्या जुलैत काशीदचा पूल कोसळला. अशा वेळी गिऱ्हाईक तुटले की टपरीवाल्याच्या घरी चूल अडते. म्हणून ग्रामपंचायतीकडे माझे मागणे स्पष्ट आहे: भाडे घ्याल तर पावती द्या, लेखी करार करा, पाणी आणि शौचालय पुरवा, संकटात भाडे माफ करा आणि निर्णय घेताना आम्हाला बैठकीला बोलवा.