प्राच्यविद्यामंदिर, बडोदे

संस्कृत, प्राकृत आणि इतर भारतीय भाषांतील पोथ्या जमवणारी, शोधणारी व छापणारी बडोद्याची संशोधनसंस्था. स्थापना १९२७, १९४९ पासून महाराजा सयाजीराव विद्यापीठाचा भाग. वाल्मीकिरामायणाची चिकित्सक आवृत्ती (७ खंड, १९६०–७५) हे तिचे सर्वांत मोठे काम. पिढ्यान्‌पिढ्यांच्या लेखनिकांच्या हातून ग्रंथ कसा वाढतो, आणि ग्रंथाबरोबर त्यातला विचार कसा वाढतो, याचा पानोपानी पुरावा या आवृत्तीत साठला आहे. तिच्या जोडीला बसेल असे काम म्हणजे पुण्याच्या भांडारकर संस्थेचे महाभारत.

ज्या गायकवाडी राज्याने हा खर्च उचलला त्याची सुरुवात विद्येची नव्हती. संस्थापक पिलाजी गायकवाड हे दाभाडे सेनापतींच्या बाजूचे लढवय्ये. १७३२ साली डाकोर येथे त्यांचा दग्याने खून झाला. नाशिककडच्या कवळाणे गावातून दत्तक आलेले तिसरे सयाजीराव (१८६३–१९३९) याच घराण्याचे. त्यांनी १९०६ साली संस्थानभर सक्तीचे प्राथमिक शिक्षण लागू केले, गावोगाव वाचनालये काढली. पोथ्यांचा संग्रहही आधी त्यांच्या मध्यवर्ती ग्रंथालयाच्या संस्कृत विभागातच वाढला.

या विभागातले चिमणलाल डाह्याभाई दलाल यांना सयाजीरावांनी पाटणच्या जैन भांडारांची पाहणी करायला पाठवले. १९१६ मध्ये राजशेखराच्या काव्यमीमांसेने ‘गायकवाड ओरिएंटल सीरीज’ ही ग्रंथमाला सुरू झाली. संपादक दलाल आणि आर. अनंतकृष्णशास्त्री. दोनच वर्षांनी दलाल वारले. धनपालाच्या भविसयत्तकहा या अपभ्रंश काव्याचे त्यांचे अर्धे राहिलेले संपादन पुण्याच्या पांडुरंग दामोदर गुणे यांनी हाती घेतले. गुणेही १९२२ मध्ये गेले आणि पुस्तक १९२३ मध्ये बाहेर आले. मुखपृष्ठावरच्या दोघांपैकी एकालाही ते पाहता आले नाही.

याच मालेत अभिनवगुप्ताच्या टीकेसह नाट्यशास्त्र आले, तत्त्वसंग्रह आला, बौद्ध तंत्रग्रंथ आले. तंत्रग्रंथांमागे पहिले संचालक विनयतोष भट्टाचार्य यांची आवड होती. मराठी वाचकाला जवळचा वाटेल तो कल्याणीच्या चालुक्य सोमेश्वराचा मानसोल्लास (बारावे शतक). गजानन श्रीगोंदेकरांनी संपादलेल्या या ग्रंथाचा पहिला भाग १९२५ चा. राजाच्या ताटातली इडली त्यात नुसत्या उडदाची आहे. तांदूळ तिच्यात नंतर शिरला. खाद्यपदार्थांचे इतिहासकार या पानांवर आजही येऊन थांबतात.

रामायणाचे काम १९५१ च्या सुमारास सुरू झाले. प्रधान संपादक आधी गोविंदलाल भट्ट, नंतर जैन कलेचे अभ्यासक उमाकांत शाह. अयोध्या आणि युद्ध ही दोन मोठी कांडे परशुराम लक्ष्मण वैद्य यांच्याकडे होती. हेच वैद्य पुण्यात महाभारताचेही संपादक, त्यामुळे तिथे विष्णु सीताराम सुखठणकरांनी घालून दिलेली शिस्त बडोद्याला आयती मिळाली. शारदा, नेवारी, मैथिली, बंगाली, देवनागरी, तेलुगू, ग्रंथ, मल्याळम अशा लिप्यांतल्या पोथ्या श्लोकाश्लोकाने ताडून पाहायच्या. सर्व शाखांत सापडते ते बहुधा जुने. एकाच प्रांतात सापडते ते संशयित. वापरलेल्यांतली सर्वांत जुनी पोथी नेपाळची, इ.स. १०२० ची. उत्तरेकडच्या लेखनिकांनी भाषा घासूनपुसून घेतली होती, दक्षिणेकडच्यांनी खडबडीत जुनी रूपे अधिक सांभाळली, असे संपादकांचे मत पडले आणि पाठ ठरवताना त्यांनी दक्षिणेला झुकते माप दिले.

परंपरा रामायणाचे चोवीस हजार श्लोक मानते. या आवृत्तीचा मूळ पाठ एकोणीस हजारांच्या आतच संपतो. उरलेला भाग फेकलेला नाही, तो तळटीपांत आणि परिशिष्टांत आहे. नित्य पाठातले आदित्यहृदय तिथेच सापडते. भाविकाला हे खटकते, आणि ते समजण्यासारखे आहे. पण प्रस्तुत लेखकाच्या मते या सात खंडांचे खरे धन वरच्या मोठ्या टायपात नसून खालच्या बारीक टायपात आहे. वरचा पाठ हा शेवटी विद्वानांनी बांधलेला अंदाज. खालच्या नोंदीत मात्र कोणत्या मुलखातल्या लेखनिकाला काय कमी वाटले आणि त्याने काय भर घातली, हे प्रत्यक्ष दिसते.

जे या तळटीपांत शोधूनही मिळत नाही तेही बोलके आहे. लक्ष्मणरेषा वाल्मीकीत नाही. शबरीची उष्टी बोरे नाहीत. अहल्या इथे शिळा होत नाही. वारा खाऊन, राखेत पडून, कोणाला न दिसता ती तप करते. दगडाची कल्पना कालिदासाच्या रघुवंशात भेटते. म्हणजे या कथा संहितेबाहेर, काव्यांत, कीर्तनांत आणि देशी भाषांतल्या रामायणांत वाढल्या आणि लोकांच्या मनात मुळापेक्षा घट्ट बसल्या.

पद्धतीची मर्यादाही उघड आहे. बालकांडाचा बराच भाग व उत्तरकांड मागाहून जोडलेले, हे हेर्मान याकोबीने १८९३ मध्येच मांडले होते. पण सर्व शाखांच्या पोथ्यांत ही कांडे असल्याने बडोद्याच्या आवृत्तीत ती मूळ पाठातच राहिली. पोथ्या जिथपर्यंत नेतात तिथपर्यंतच ही चिकित्सा जाते. त्यामागची वाढ भाषेच्या खुणांवरून शोधण्याचा प्रयत्न जॉन ब्रॉकिंग्टन यांनी ‘राइचस राम’ (१९८४) या ग्रंथात केला, तोही हीच आवृत्ती समोर ठेवून. रॉबर्ट गोल्डमन आणि सहकाऱ्यांचे प्रिन्स्टनहून १९८४ ते २०१७ या काळात निघालेले सात खंडांचे इंग्रजी भाषांतर याच पाठावरचे आहे, आणि गाळलेल्या भागांची दखल त्याच्या टिपांत विस्ताराने घेतलेली आहे.