ऑक्सफर्डची विद्यार्थी-नाट्यसंस्था

विद्यार्थ्यांनीं नाटकें करावींत कीं नाहीं, हा वाद आपल्याकडे कित्येक पिढ्या चालत आला आहे. स्नेहसंमेलन जवळ आलें कीं तालमींना रंग चढतो, वडील मंडळी परीक्षेची आठवण देऊं लागतात, आणि परवानगी देणारा शिक्षक मधल्यामध्यें सांपडतो. अशाच एका परवानगीची व तिच्यांतून उभ्या राहिलेल्या संस्थेची हकीकत आज सांगावयाची आहे. ती आहे इंग्लंडांतील ऑक्सफर्ड विद्यापीठाची.

एकोणिसाव्या शतकांत ऑक्सफर्डची हवा नाटकाला मुळींच मानवणारी नव्हती. विद्यापीठ धर्मसंस्थेच्या छायेंत वाढलेलें. शिकविणाऱ्यांत पाद्री पुष्कळ. आणि नट म्हटला कीं तो ऋणकरी व व्यसनी असावयाचाच, ही समजूत दृढ. विद्यार्थी आडून आडून प्रहसनें करीत आणि अधिकारी तीं बंद पाडीत. केंब्रिजला १८५५ सालींच बर्नंड नांवाच्या विद्यार्थ्यानें नाट्यमंडळ काढलें होतें व तेथें मुलगेच स्त्रियांचे वेष घेत. परंतु ऑक्सफर्डला तेवढेंही साधलें नव्हतें.

ही कोंडी फुटली १८८० च्या जून महिन्यांत. फ्रँक बेन्सन हा न्यू कॉलेजचा विद्यार्थी. त्यानें ईस्किलसचें ‘अगामेम्नॉन’ हें नाटक मूळ ग्रीक भाषेंत बसविलें, आणि तें बेलियल कॉलेजच्या भोजनगृहांत झालें. धांवण्याच्या शर्यती गाजविणाऱ्या या तरुणानें पतीचा घात करणाऱ्या राणीचें काम स्वतःकडे घेतलें होतें. ग्रीक नाटकाला नाहीं कोण म्हणणार? जो ग्रंथ वर्गांत शिकवावयाचा, तो रंगभूमीवर आला म्हणून बाटला, असें म्हणण्यास कोणत्याही पंडिताची जीभ रेटेना. योगायोग असा कीं, त्याच वर्षीं ऑक्टोबर अखेर पुण्यांत अण्णासाहेब किर्लोस्करांनीं कालिदासाचें शाकुंतल संगीत करून रंगभूमीवर आणलें. दोहोंकडे एकमेकांची गंधवार्ताही नसतांना प्राचीन कवीचा आधार घेऊनच नाटकाला शिष्टांच्या घरांत प्रवेश मिळाला, ही गोष्ट मला विचार करण्याजोगी वाटते.

बेन्सन पुढें धंदेवाईक नट झाला व स्वतःची मंडळी घेऊन शेक्सपीअरचीं नाटकें गांवोगांव करीत हिंडला. १९१६ सालीं शेक्सपीअरच्या त्रिशतसांवत्सरिक उत्सवांत तो ज्यूलिअस सीझरच्या वेषांत असतांनाच बादशहा पंचम जॉर्ज यांनीं त्याला ‘सर’ केलें. या विधीसाठीं तलवार हाताशीं नव्हती, म्हणून नाटकांतली तलवार आणविण्यांत आली!

आतां ज्यांच्या भोजनगृहांत हें ग्रीक नाटक झालें, त्या बेंजामिन जोवेट यांच्याकडे वळूं. प्लेटोचे संवाद इंग्रजींत उतरविणारे हे विद्वान बेलियल कॉलेजचे प्रमुख होते. लॉर्ड लॅन्सडाऊन, लॉर्ड एल्गिन व लॉर्ड कर्झन हे हिंदुस्थानचे लागोपाठचे तीन व्हाइसरॉय याच कॉलेजचे विद्यार्थी, एवढें सांगितलें म्हणजे त्यांच्या शिकवणीचा हात कोठवर पोंचला होता हें ध्यानांत येईल. १८८२ पासून १८८६ पर्यंत ते विद्यापीठाचे व्हाइस-चॅन्सेलर होते. त्यांच्याकडे आर्थर बाउचर हा नाट्यवेडा विद्यार्थी व त्याचे सोबती परवानगीसाठीं गेले. जोवेट यांनीं ती दिली, पण दोन अटी घातल्या. प्रयोग शेक्सपीअरचेच व्हावेत; आणि स्त्रियांचीं कामें स्त्रियांनींच करावींत. पुढें शेक्सपीअरच्या जोडीला ग्रीक नाटकांनाही मुभा मिळाली. ज्या वर्षीं पुण्यांत फर्ग्युसन कॉलेज निघालें, त्याच १८८५ सालीं ऑक्सफर्ड विद्यापीठ नाट्यसंस्था जन्मास आली, आणि ‘चौथा हेन्‍री’ या नाटकाच्या पहिल्या भागानें तिनें आरंभ केला.

पहिल्या अटीबद्दल मी जोवेट यांना शंभर गुण देईन. नुसती मनाई करणें सोपें असतें आणि नुसती मोकळीक देणें त्याहून सोपें. त्यांनीं मुलांचा हुरूप न मोडतां त्याला कठीण काम दिलें. त्याचें फळही लवकर दिसलें. १८८६ च्या फेब्रुवारींत गांवांत नवें नाट्यगृह उघडलें, तें या विद्यार्थ्यांच्याच ‘ट्वेल्फ्थ नाइट’च्या प्रयोगानें. लगेच १८८७ सालीं युरिपिडीसचें ‘अल्सेस्टिस’ झालें. त्यांत नायिका होती जेन हॅरिसन, जी पुढें ग्रीक धर्मविषयक संशोधनानें विख्यात झाली.

दुसरी अट मात्र विलक्षण आहे. मिसरूड फुटलेल्या तरुणानें लुगडें नेसून राधा व्हावें, यांत आपल्याकडे कोणाला वावगें वाटत नव्हतें. बालगंधर्वांच्या रूपानें तर त्या प्रथेनें कळस गांठला. जोवेट यांना तेंच नको होतें. पण या स्त्रिया आणावयाच्या कोठून? सॉमरव्हिल व लेडी मार्गारेट हॉल हीं मुलींचीं विद्यालयें १८७९ पासून त्याच गांवांत होतीं. तरी संस्थेचें सभासदत्व दीर्घकाळ पुरुष विद्यार्थ्यांपुरतेंच राहिलें. मुलींना पदव्यासुद्धां १९२० पर्यंत मिळाल्या नाहींत. म्हणजे स्त्रीचें काम स्त्रीनेंच करावें, परंतु तिनें सभासद होऊं नये! हा अन्याय आहे, आणि संस्थेच्या गौरवपर वर्णनांत तो झांकला जाऊं नये.

बाहेरून नटी बोलावण्याच्या या रीतींतून एक लाभ मात्र झाला: विद्यार्थी व कसलेले कलावंत एका रंगमंचावर आले. १९३२ सालीं जॉन गीलगुड यांनीं आयुष्यांतील पहिलें दिग्दर्शन केलें तें याच संस्थेसाठीं. नाटक ‘रोमिओ आणि ज्यूलिएट’, ज्यूलिएट पेगी अ‍ॅशक्रॉफ्ट व दाई ईडिथ एव्हन्स. टेरेन्स रॅटिगन या विद्यार्थ्याला एकच वाक्य होतें, तेंही शोकाच्या प्रसंगीं. तें उच्चारतांच प्रेक्षक हंसत! त्याच मुलानें पुढें नाटककार होऊन ती फजिती एका नाटकांत वापरली. १९३३ च्या जूनमध्यें नाझी राजवटीमुळें देश सोडावा लागलेल्या मॅक्स राइनहार्ट यांनीं विद्यार्थ्यांकडून ‘मिडसमर नाइट्स ड्रीम’ उघड्या मैदानांत करविलें. त्यानंतर थोड्याच दिवसांनीं, १ जुलैला, मुंबईंत ‘आंधळ्यांची शाळा’ रंगभूमीवर आलें व आपल्याकडेही कुलीन स्त्रिया स्त्रीभूमिका करूं लागल्या.

जोवेट यांची पहिली अट तोंवर ढिली झालीच होती. १९२० सालीं टॉमस हार्डींचें ‘द डायनॅस्ट्स’ करण्यांत आलें, तेव्हां स्वतः कवि प्रयोगास आले होते. महायुद्धाच्या काळांत संस्था बंद असतां नेव्हिल कॉगहिल या प्राध्यापकांनीं नाटकें चालूं ठेवलीं. १९४९ सालीं वूस्टर कॉलेजच्या तळ्याकांठीं त्यांनीं ‘टेंपेस्ट’ केलें. अखेरीस एरिअल मुक्त होतो आणि पाण्यावरून धांवत पैलतीराच्या अंधारांत निघून जातो! पाण्याच्या पृष्ठभागाच्या किंचित् खालीं फळ्या बसविल्या होत्या, इतकीच ती जादू. परंतु पाहणाऱ्यांना ती जन्मभर विसरतां आली नाहीं.

१९४४ सालीं कॉगहिल यांच्या हाताखालीं रिचर्ड बर्टन नांवाच्या एका वैमानिक-उमेदवारानें काम केलें होतें. जगभर कीर्ति मिळाल्यावर १९६६ सालीं तो आपल्या गुरूकडे परत आला आणि मार्लोच्या ‘डॉक्टर फॉस्टस’मध्यें विद्यार्थ्यांबरोबर विनावेतन उभा राहिला. त्याची पत्नी एलिझाबेथ टेलर हेलन झाली. तिच्या वांट्यास एकही शब्द नव्हता. या दांपत्याच्या देणगींतून १९७६ सालीं एक लहानसें नाट्यगृह उभें राहिलें. तेथें आजही विद्यार्थी नाटकें करतात, आणि त्यांत मुलीही बरोबरीनें असतात.