आर्झनर, डॉरथी

(३ जानेवारी १८९७ – १ ऑक्टोबर १९७९). अमेरिकन चित्रपट-दिग्दर्शिका व संकलक. जन्म सॅन फ्रान्सिस्कोचा, बालपण लॉस एंजेलिसमध्ये. वडिलांच्या उपाहारगृहात नटमंडळींची सततची ऊठबस असल्याने सिनेमाच्या झगमगाटाचे त्यांना लहानपणापासून फारसे अप्रूप नव्हते. डॉक्टर व्हायचे म्हणून सुरू केलेले शिक्षण त्यांनी अर्धवट सोडले. पहिल्या महायुद्धात काही काळ त्या रुग्णवाहिका पथकात होत्या.

१९१९ मध्ये विल्यम डमिल या दिग्दर्शकामुळे त्यांना फेमस प्लेअर्स-लास्की (पुढची पॅरामाउंट) या कंपनीत पटकथा टंकलिखित करण्याचे काम मिळाले. वरवर पाहता ही हमालीच. पण पटकथेची प्रत ज्याच्या हातून जाते त्याला चित्रपट उभा राहण्याआधीच दिसू लागतो. लवकरच चित्रीकरणाच्या जागी हजर राहून एका दृश्यातला पोशाख, वस्तू, हालचाली पुढच्या दृश्याशी जुळतात की नाही याची नोंद ठेवण्याचे काम त्यांच्याकडे आले आणि तेथून त्या संकलनाच्या टेबलाशी पोचल्या.

‘ब्लड अँड सँड’ (१९२२) या अभिनेता व्हॅलेंटिनोच्या मूकपटातील बैलझुंजीने त्यांचे नाव झाले. खऱ्या झुंजींची तयार दृश्ये मिळवून त्यांत त्यांनी नायकाचे जवळून घेतलेले चेहरे असे गुंफले की चित्रीकरणाचा मोठा खर्च वाचला. हे पाहून दिग्दर्शक जेम्स क्रूझ यांनी ‘द कव्हर्ड वॅगन’चे (१९२३) संकलन त्यांच्याकडे दिले. क्रूझ यांच्यासाठी त्यांनी पटकथालेखनही केले. दिग्दर्शन मात्र मागितल्याशिवाय मिळाले नाही. कोलंबिया या दुसऱ्या चित्रपट कंपनीकडे जाण्याची तयारी दाखवल्यावरच पॅरामाउंटने त्यांच्या हाती ‘फॅशन्स फॉर विमेन’ (१९२७) सोपवला.

‘द वाइल्ड पार्टी’ (१९२९) हा क्लारा बो हिचा पहिला बोलपट. एका जागी लपवलेल्या मायक्रोफोनमुळे नटीला मोकळेपणी हिंडता येईना, तेव्हा आर्झनर यांनी तो मासे धरण्याच्या काठीला टांगून तिच्या डोक्यावरून फिरवला, असे सांगतात. मूकपटांच्या काळात लोइस वेबर यांच्यासारख्या अनेक स्त्रिया दिग्दर्शन करीत होत्या. तिशीच्या दशकातील बड्या स्टुडिओंमध्ये मात्र आर्झनर जवळजवळ एकट्याच उरल्या. डायरेक्टर्स गिल्ड या दिग्दर्शकांच्या संघटनेच्या त्या पहिल्या स्त्री-सभासद होत.

१९३२ मध्ये पॅरामाउंट सोडल्यावर ‘ख्रिस्तोफर स्ट्राँग’ (१९३३) या चित्रपटात कॅथरिन हेपबर्नला त्यांनी धाडसी वैमानिक म्हणून उभे केले. जॉर्ज केली यांच्या नाटकावरील ‘क्रेग्ज वाइफ’ (१९३६) हा त्यांचा सर्वांत रेखीव चित्रपट म्हणावा लागेल. माणसांपेक्षा घर जपणाऱ्या गृहिणीला तो दोष देतो, पण घराशिवाय तिला दुसरा आधार नाही हेही विसरत नाही. ‘डान्स, गर्ल, डान्स’मध्ये (१९४०) टिंगल करणाऱ्या प्रेक्षकांना नर्तिका रंगमंचावरूनच खडसावते. तेव्हा हा चित्रपट चालला नाही.

‘फर्स्ट कम्स करेज’च्या (१९४३) वेळी त्या आजारी पडल्या आणि दिग्दर्शक चार्ल्स व्हिडोर यांनी तो पुरा केला. त्यानंतर त्यांनी कथापट दिग्दर्शित केला नाही. पुढे पेप्सीच्या जाहिराती केल्या आणि लॉस एंजेलिसच्या कॅलिफोर्निया विद्यापीठात शिकवले. दिग्दर्शक फ्रान्सिस फोर्ड कोपोला हे त्यांचे विद्यार्थी. सत्तरच्या दशकात स्त्रीवादी समीक्षकांनी त्यांचे चित्रपट पुन्हा चर्चेत आणले व १९७५ मध्ये गिल्डने त्यांचा गौरव केला. ला क्विंटा (कॅलिफोर्निया) येथे त्यांचे निधन झाले. एकेकाळी आपटलेला ‘डान्स, गर्ल, डान्स’ २००७ मध्ये अमेरिकेच्या राष्ट्रीय चित्रपट नोंदवहीत घेण्यात आला.