सुईच्या टोकावरचा पुरावा

मृग नक्षत्रात पहिला पाऊस पडून गेला की माण-खटावच्या माळावर आणि जत-आटपाडीच्या मुरमाड रानात लालभडक मखमली किडे फिरू लागतात. मुले त्यांना मृगाचे किडे म्हणतात आणि काड्यापेटीत घालून शाळेतही घेऊन येतात. अशी काड्यापेटी वर्गात आली, तर ती बाहेर टाकायला सांगण्यापूर्वी मुलांना त्या प्राण्याचे पाय मोजायला सांगावेत. ते आठ भरतात. म्हणजे रूढ नाव किडा असले तरी हा कीटक नव्हे. कोळी, विंचू आणि गोचीड यांच्या वर्गातील हा प्राणी आहे. इंग्रजीत या गटाला माइट म्हणतात. तासगावचे द्राक्षबागायतदार पानांवरच्या अशाच एका माइटला ‘लाल कोळी’ म्हणून ओळखतात.

मृगाचा किडा माणसाला काहीही अपाय करत नाही. त्याचे काही सूक्ष्म भाईबंद मात्र शतकानुशतके माणसाला छळत आले आहेत. ऊ, पिसू, ढेकूण, गोचीड या सर्वांना मराठीत स्वतंत्र नावे आहेत. ज्या माइटमुळे खरूज होते, तिला नाव नाही. रोगाला खरूज म्हणतात, जनावराला झाली तर लूत म्हणतात, पण रोग करणारा जीव निनावीच राहिला. याचे कारण सोपे आहे. खरजेच्या माइटची मादी जेमतेम ०.३ ते ०.४ मिलिमीटर लांब असते. कारण दिसत नसले की त्याच्या जागी कल्पना येऊन बसते. खरूज रक्त बिघडल्याने होते, ताप वाईट हवेने येतो, दमा नुसत्या धुळीने उसळतो, असे मानले गेले. या तीन समजुती कशा बदलल्या, याचा इतिहास शिक्षकांनी मुद्दाम पाहावा असा आहे.

खरूज : दोनदा लागलेला शोध

इटलीतील लिव्होर्नो या बंदरात जोव्हान्नी कोझिमो बोनोमो हा वैद्य आणि दियाचिंतो चेस्तोनी हा औषधविक्रेता यांना एक गोष्ट ठाऊक होती. गावातील गरीब बाया खरूज झालेल्या आपल्या मुलांच्या कातडीतून सुईच्या टोकाने बारीक काहीतरी उकरून काढत. तुरुंगातील गुलामही एकमेकांसाठी तेच करत. या दोघांनी ते ‘काहीतरी’ सूक्ष्मदर्शकाखाली ठेवले. तो एक जिवंत प्राणी होता, आणि त्याला अंडी घालतानाही त्यांनी पाहिले. १६८७ साली बोनोमोने फ्रान्चेस्को रेदी या शास्त्रज्ञाला लिहिलेल्या पत्रात स्पष्ट म्हटले की खरजेचे कारण हाच प्राणी आहे. विशिष्ट जीवामुळे विशिष्ट रोग होतो असे निरीक्षणाने दाखवणारे हे अगदी आरंभीचे उदाहरण आहे. जंतुशास्त्राचा पाया त्यानंतर जवळजवळ पावणेदोनशे वर्षांनी घातला गेला.

परंतु शरीरातील दोषांचे संतुलन बिघडल्याने रोग होतात, हा विचार त्या काळच्या वैद्यकात पक्का रुजलेला होता. बोनोमोचे म्हणणे मागे पडले. पुढे १८१२ साली पॅरिसमध्ये गालेस नावाच्या तरुणाने खरजेची माइट सापडल्याचे जाहीर करून तिची चित्रे प्रसिद्ध केली. इतरांना मात्र ती रुग्णांच्या फोडांत सापडेना. १८२९ साली रास्पाय याने दाखवून दिले की गालेसची चित्रे चीजमध्ये सापडणाऱ्या माइटची आहेत! यामुळे खरजेची माइट मुळात नाहीच, असे अनेक डॉक्टरांना वाटू लागले.

हा घोळ १८३४ साली सुटला. रेन्युची नावाचा वैद्यकाचा विद्यार्थी कॉर्सिका बेटावरून पॅरिसला आला होता. त्याच्या बेटावर बायका सुईने माइट काढतात, हे त्याने लहानपणापासून पाहिले होते. त्याने पॅरिसच्या डॉक्टरांसमोर एका रुग्ण स्त्रीच्या कातडीतून माइट काढून दाखवली. ती फोडात नसते. फोडापासून निघालेल्या नागमोडी बारीक रेघेच्या टोकाला, म्हणजे स्वतः पोखरलेल्या बिळाच्या शेवटी असते. विद्वान ज्या जागी शोधत होते ती जागाच चुकीची होती, आणि योग्य जागा बायांना माहीत होती.

कारण कळले तरी ती पसरते कशी, हा प्रश्न उरलाच. दुसऱ्या महायुद्धात ब्रिटनमध्ये खरूज फार पसरली. खरूज झालेल्यांचे अंथरूण-पांघरूण निर्जंतुक करण्यात मोठी शक्ती खर्च होत होती. केनेथ मेलनबी या कीटकशास्त्रज्ञाने १९४१ पासून शेफिल्ड येथे प्रयोग केले. तत्त्व म्हणून सैन्यात जाण्यास नकार देणारे तरुण त्यासाठी स्वेच्छेने पुढे आले. खरूज झालेल्या सैनिकांचे न धुतलेले कपडे त्यांनी घातले, त्यांच्या घोंगड्या पांघरल्या. खरूज क्वचितच लागली. रुग्णाच्या शेजारी अंगाला अंग लावून झोपल्यावर मात्र ती लागली. मेलनबीला असेही आढळले की एका रुग्णाच्या अंगावर सरासरी ११-१२ माद्याच असतात आणि पहिल्यांदा लागण झाल्यावर खाज सुटायला चार ते सहा आठवडे लागतात. म्हणजे ज्याला खाज नाही तोही महिनाभर ती इतरांना देत असतो.

सातारा-सांगलीच्या मेंढपाळांना या तत्त्वाची व्यवहारातून ओळख आहे. लूत लागलेले जनावर ते कळपात ठेवत नाहीत. कुत्र्याच्या किंवा शेळीच्या लुतीतील माइट माणसाच्या अंगावर आली तर काही दिवस खाज सुटते, पण तिथे तिची वाढ पूर्ण होत नाही आणि जनावरावर उपचार झाले की त्रास थांबतो. माणसाची खरूज माणसाकडूनच येते.

पुराच्या काठचा ताप

दुसरी कथा जपानमधील नद्यांच्या काठी सुरू होते. निइगाता प्रांतात शिनानो नदीच्या पूरक्षेत्रात उन्हाळ्यात शेतावर गेलेल्या लोकांना जीवघेणा ताप येई. अंगावर एक काळपट खपली दिसे. १८७९ साली बेल्झ आणि कावाकामी यांनी या रोगाचे वर्णन ‘जपानी पूरज्वर’ या नावाने केले. पुराच्या मातीतून निघणारे विष हे त्याचे कारण असावे, असा बेल्झचा समज होता. तिथले शेतकरी मात्र ‘आकामुशी’, म्हणजे लाल किडा, याच्याकडे बोट दाखवत होते. पुढील संशोधनाने शेतकऱ्यांची बाजू खरी ठरवली. हा लाल किडा म्हणजे एका माइटची सहा पायांची अळी. ती उंदरांच्या किंवा माणसाच्या कातडीला एकदाच चिकटते. रोगजंतू मादीकडून अंड्यांतून पुढच्या पिढीत जातात. आज या रोगाला स्क्रब टायफस म्हणतात.

या रोगाशी महाराष्ट्राच्या सैनिकांचा संबंध युद्धामुळे येणार होता. सातारा जिल्हा हा मराठा पलटणींच्या भरतीचा जुना प्रदेश. आज सांगलीत असलेले तासगाव, वाळवा, खानापूर हे तालुके तेव्हा साताऱ्यातच होते. १९४९ साली दक्षिण सातारा हा वेगळा जिल्हा झाला आणि १९६० साली त्याला सांगली हे नाव मिळाले. मार्च १९४४ मध्ये मणिपूरमधील सांगशाक येथे जपानी फौजेला रोखणाऱ्या ब्रिगेडमध्ये मराठा लाइट इन्फन्ट्रीची चौथी बटालियन होती. त्या आघाडीवर शत्रूच्या गोळीइतकीच रोगांची भीती होती, आणि स्क्रब टायफसवर त्या वेळी औषध नव्हते. गणवेशाला डायब्यूटाइल थॅलेट हे रसायन चोळणे हाच बचाव होता.

युद्धाच्या अखेरीस इंफाळ येथे या रोगासाठी प्रयोगशाळा काम करू लागली. तेथे संशोधन करणारे जे. राल्फ ऑडी यांचा निष्कर्ष महत्त्वाचा आहे. हा रोग घनदाट अरण्यापेक्षा माणसाने तोडून सोडून दिलेल्या जमिनीवर, वाढलेल्या गवतात, उंदीर असतील तिथे अधिक असतो. १९४८ साली क्वालालंपूर येथे स्मॅडेल आणि सहकाऱ्यांनी क्लोरॅम्फेनिकॉलने तो बरा होतो हे दाखवले. नंतर डॉक्सिसायक्लिन हे स्वस्त औषध आले.

औषध आले आणि रोग विस्मरणात गेला. २०१८ च्या पावसाळ्यात नागपूर आणि विदर्भातील इतर जिल्ह्यांत त्याने बळी घेतले, तेव्हा त्याचे नावही अनेकांना नवीन होते. चावा दुखत नाही. तापाची सुरुवात बहुधा दहा-बारा दिवसांनी होते, आणि खपली काखेत, जांघेत, कमरेला अशी झाकलेल्या जागी असते. विचारल्याशिवाय ती कोणी दाखवत नाही. शेतात, गवतात राबणाऱ्या माणसाचा ताप पावसाळ्यात किंवा त्यानंतर चार-पाच दिवसांत हटला नाही, तर डॉक्टरांना कामाचे ठिकाण सांगावे आणि अशी खपली असल्यास दाखवावी. वेळेवर दिलेल्या गोळ्यांनी जीव वाचतो.

वाकळ आणि दमा

तिसरी माइट चावत नाही, रोगजंतूही वाहत नाही. ती अंथरुणात राहते आणि आपल्या गळून पडलेल्या त्वचेच्या कणांवर जगते. १९२८ साली जर्मनीत डेकर याने दम्याचा संबंध बिछान्यातील माइटशी जोडला होता, पण त्याकडे फारसे लक्ष दिले गेले नाही. १९६४ साली नेदरलँड्समधील लायडेन येथे फोरहोर्स्ट आणि स्पीक्समा यांनी घरातील धुळीची ॲलर्जी प्रामुख्याने या माइटमुळे होते हे दाखवले. दमट घरांत ती अधिक आढळली. १९८१ साली कळले की ॲलर्जी आणणारे प्रथिन मुख्यतः तिच्या विष्ठेच्या कणांत असते.

ही माइट पाणी पीत नाही, हवेतील ओलावा शोषते. महाबळेश्वरला वर्षाला पाच-सहा हजार मिलिमीटर पाऊस पडतो, तर त्याच जिल्ह्यातील माणमध्ये पाचशेच्या आसपास. पावसाळाभर ओल धरलेली वाकळ तिला मानवते, कोरडी हवा मानवत नाही. नवरात्र बसण्यापूर्वी घरातील झाडून सारे अंथरूण-पांघरूण ओढ्यावर धुऊन कडक उन्हात वाळवण्याची आपल्याकडची रीत या दृष्टीने पाहण्यासारखी आहे. ती माइटसाठी सुरू झाली नाही, पण पाऊस संपताना साठलेली माइटची विष्ठा धुऊन टाकण्यास ती उपयोगी पडते. दम्याचे मूल घरात असेल तर वर्षातून एकदा धुणे पुरत नाही. आठवड्याला गरम पाण्याने धुणे योग्य.

वर्गासाठी

लोकांचे म्हणणे नेहमीच खरे असते, असा या इतिहासाचा अर्थ नाही. रक्त बिघडल्याची कल्पनाही लोकांत होतीच. फरक पडला तो कोणीतरी सुईच्या टोकावरचा ठिपका भिंगाखाली धरला म्हणून, आणि कोणीतरी मुद्दाम मळके कपडे घालून पाहिले म्हणून. ऐकावे आणि मग तपासावे, एवढीच विज्ञानाची रीत आहे.

या रीतीचा उपयोग रोजच्या शाळेत होतो. बोटांच्या बेचक्यांत आणि मनगटावर रात्री वाढणारी खाज असलेले मूल ‘घाणेरडे’ म्हणून मागच्या बाकावर बसवले जाते. मेलनबीच्या प्रयोगांनी हा शिक्का खोटा ठरवला आहे. दाटीवाटीने एकत्र झोपणे हे खरजेचे कारण, आणि ते बहुधा गरिबीतून येते. जागतिक आरोग्य संघटनेने २०१७ साली खरजेला उपेक्षित रोगांच्या यादीत घेतले. पर्मेथ्रिनचे मलम डॉक्टरांच्या सल्ल्याने घरातील सर्वांनी, खाज असो वा नसो, एकाच रात्री लावायचे आणि आठवड्याने पुन्हा लावायचे. एकट्या मुलाला लावले तर घरातूनच ती पुन्हा येते. औषधानंतरही दोन-तीन आठवडे खाज राहू शकते. तेवढ्यावरून त्याला पुन्हा घरी पाठवू नये. पालकांना निरोप धाडताना हे सारे एका कागदावर लिहून दिले, तर ते मूल पुढच्या आठवड्यात आपल्या जागेवर बसलेले दिसेल.